पोथी नसलेले धर्म

दारव्ह्याहून मानोऱ्याच्या बाजूला गेलं की बंजारा समाजाची पोहरादेवी लागते. पूर्वेला यवतमाळ ओलांडून घाटंजी, केळापूर, राळेगाव, झरी-जामणीकडे वळलं की कोलामांचे पोड, म्हणजे वस्त्या, दिसू लागतात. दक्षिणेला पैनगंगेपलीकडे आदिलाबादचा मुलूख आहे. तिथल्या केसलापूरच्या नागोबाला पुष्य अमावास्येच्या सुमारास महाराष्ट्रातली मेश्राम घराणीही पोचतात. मधल्या गावांतून गोंड, परधान, आंध यांची वस्ती आहे. एवढ्या टापूत देव, पूर्वज, जमीन, जंगल आणि माणूस यांचं नातं सांगणाऱ्या निदान चार-पाच परंपरा शेजारी शेजारी नांदतात. त्यांतल्या बहुतेकींना ग्रंथ नाही, धर्मपीठ नाही, दीक्षाविधी नाही. जन्म आणि कूळ हाच प्रवेश.

अशा परंपरांना धर्म म्हणायचं का, आणि म्हणायचं तर कोणत्या कसोटीवर, या प्रश्नावर दीडशे वर्षं वाद चालू आहे. हा वाद केवळ आपला नाही. नायजेरियातले योरुबा, घानातले अकान, केनियातले किकुयू, युगांडातले अचोली यांच्या धर्मांबद्दल नेमका हाच प्रश्न विचारला गेला, बहुतेक वेळा त्याच शब्दांत आणि त्याच चुका करत. दोन्हीकडची चर्चा शेजारी ठेवली तर आपल्या वादातल्या गाठी लवकर दिसतात, म्हणून हा आढावा दोन्हीकडे पाहत घ्यायचा आहे.

सुरुवात १८७१ पासून करू. त्या वर्षी एडवर्ड टायलर या इंग्रज अभ्यासकाचं ‘प्रिमिटिव्ह कल्चर’ प्रसिद्ध झालं. झाड, दगड, प्राणी, मृत माणूस या सगळ्यांत आत्मा मानणं ही धर्माची सर्वांत खालची पायरी, असं त्याचं म्हणणं होतं. या पायरीला त्यानं ‘ॲनिमिझम’ हे नाव दिलं. त्याच सुमारास भारतात पहिली जनगणना होत होती. १९०१ च्या जनगणनेत हाच शब्द धर्माच्या रकान्यात येऊन बसला. गोंड, कोलाम, भिल्ल, संथाल हे सारे ‘ॲनिमिस्ट’. आफ्रिकेतल्या वसाहतींच्या अहवालांतही हाच शब्द वापरात होता. दोन खंडांतल्या, एकमेकांना कधी न भेटलेल्या शेकडो समाजांना एकाच नावाखाली ठेवण्याचा निकष एकच होता: ते ख्रिस्ती नाहीत, मुसलमान नाहीत, आणि त्यांच्याकडे वाचून दाखवायला पुस्तक नाही.

१९३१ च्या जनगणनेचे आयुक्त जे. एच. हटन यांनी तो शब्द सोडून ‘आदिवासी धर्म’ अशा अर्थाचा रकाना ठेवला. पुढे १९४३ मध्ये मुंबई विद्यापीठातले समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये यांनी सगळी वर्गवारीच अमान्य केली. हे लोक मागासलेले हिंदूच आहेत, असा त्यांचा सिद्धांत होता. घुर्यांनी गोळा केलेला पुरावा खोटा नव्हता. गोंडांच्या कथेत महादेव-पार्वती येतात, कोलाम भीम-हिडिंबेशी नातं सांगतात, पोळा-दिवाळी-शिमगा सगळेच करतात. चुकला तो निष्कर्ष. शेजाऱ्यांनी हजार वर्षं एकमेकांकडून देव घेतले, दिले, म्हणून एकाचं घर दुसऱ्याची ओसरी ठरत नाही. शिवाय देवाणघेवाण दोन्ही बाजूंनी असते. वऱ्हाडातल्या किती गावदेवता आणि शिवेवरचे किती देव मुळात गोंड-कोलामांचे आहेत, हा प्रश्न घुर्यांच्या मांडणीत जवळजवळ येतच नाही.

स्वातंत्र्यानंतरच्या जनगणनांत पुढे आदिवासी धर्मांचा वेगळा वर्ग राहिला नाही. सहा मोठे धर्म, आणि उरलेले सगळे ‘इतर’. गंमत नव्हे, विसंगती अशी की कायदा मात्र वेगळं बोलतो. १९५५ चा हिंदू विवाह कायदा आणि १९५६ चा हिंदू वारसा कायदा अनुसूचित जमातींना, केंद्र सरकारनं वेगळी अधिसूचना काढल्याखेरीज, लागू होत नाहीत. म्हणजे लग्न आणि वारसा ठरवताना गोंड माणूस हिंदू कायद्याबाहेर, आणि शिरगणती करताना बहुधा हिंदू रकान्यात. तरीही २०११ च्या जनगणनेत झारखंड आणि आसपासच्या प्रदेशांतल्या ४९ लाख ५७ हजारांहून अधिक लोकांनी धर्म म्हणून ‘सरना’ हे नाव आग्रहानं लिहायला लावलं. त्याच जनगणनेत जैन धर्मीयांची संख्या ४४ लाख ५१ हजार होती. ‘गोंड’ किंवा ‘गोंडी’ धर्म सांगणारे १० लाख २६ हजार भरले. देशात गोंडांची लोकसंख्या कोटीच्या वर आहे, हे लक्षात घेतलं तर हा आकडा लहान. पण छापील पर्याय नसताना, गणकाला थांबवून स्वतःचं नाव लिहायला लावणारे हे दहा लाख लोक आहेत.

आता त्या रकान्यामागे काय आहे ते पाहू. इथं मला थोडं थांबायचं आहे. धर्म म्हणजे ‘तुम्ही काय मानता’ असा आपला समज असतो. गोंडांच्या बाबतीत पहिला प्रश्न ‘तुम्ही किती देवे’ असा असतो. चार देवे, पाच देवे, सहा देवे, सात देवे ही त्यांच्या समाजाची मूळ विभागणी. गोंडीत तिला सगा म्हणतात. नालवेन, सीवेन, सारवेन आणि येरवेन हे ते चार सगे. सात देव्यांचं लग्न सात देव्यांत होत नाही, सहा देव्यांचं सहा देव्यांत होत नाही. एका सग्यातली सगळी कुळं भाऊ, म्हणून सोयरिक दुसऱ्या सग्यात. देवांची संख्या ही श्रद्धेची मोजदाद नसून नात्यांचा नकाशा आहे. दोन अनोळखी गोंड भेटले की या एका उत्तरावरून एकमेकांना भाऊ म्हणायचं की सोयरा, हे ठरतं.

प्रत्येक कुळाचा मोठा देव म्हणजे पर्सा पेन. त्याला मूर्ती नसते. लोखंडी भाल्याचं पातं आणि चवरी ही त्याची खूण. ती एरवी गावाबाहेर जपून, झाकून ठेवलेली असते आणि ठरलेल्या सणालाच बाहेर निघते. मग देवाला नदीवर नेऊन न्हाऊ घालतात, बळी देतात, कुळातली माणसं एकत्र जेवतात. पूजा कुळाचा कटोडा करतो. पण कटोड्याच्या हातात सगळं नाही. देवाची कथा सांगण्याचा अधिकार परधानाचा. तो किंगरी वाजवत कुळाची उत्पत्ती गातो. त्यानं गायल्याशिवाय पूजा पुरी होत नाही. गोंड कुळाचा परधान पिढीजात ठरलेला असतो. यजमानाच्या घरी लग्न, मयत, देवकार्य काहीही झालं तरी त्याचा वाटा असतो. आदिलाबादच्या बाजूचे परधान घरी मराठी बोलतात आणि गोंडांचा पुराणसंभार गोंडीत गातात. एका समाजाचा धर्म ज्यांच्या कंठात आहे ते त्या समाजाचे नाहीत आणि त्यांची मायबोली मराठी आहे, ही गोष्ट मराठी वाचकांना फारच कमी वेळा सांगितली गेली आहे.

तिसरा वाटेकरी कोलाम. जंगल-डोंगराच्या स्थानिक देवांची पूजा अनेक गोंड गावांत कोलाम पुजारी करतो, कारण या भूमीवर कोलाम आपल्या आधीपासून आहेत आणि इथले देव त्यांना ओळखतात, असं गोंड मानतात. महाराष्ट्रात कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या तीन जमाती विशेष दुर्बल म्हणून नोंदलेल्या आहेत. त्यांतली कोलाम जमात प्रामुख्यानं यवतमाळ आणि भोवतालच्या जिल्ह्यांत राहते. सरकारी कागदावर जो सर्वांत खाली, त्याला शेजारचा मोठा समाज देवापुढे सर्वांत पुढे उभा करतो. ज्या धर्मात गाणारा एक, पुजणारा दुसरा आणि भूमीशी बोलणारा तिसरा, तिथं एका जमातीला एक धर्म असा हिशेब मांडताच येत नाही. माझ्या मते या संपूर्ण प्रश्नाचं मर्म इथं आहे. हे धर्म मनातल्या मतांत नाहीत, ते समाजांमधल्या जबाबदाऱ्यांत आहेत. शिरगणती आणि शास्त्रचर्चा या दोघांनाही नेमकं हेच दिसलं नाही.

हे आपल्याला ज्यांच्यामुळे कळलं त्यांची नावं घेतली पाहिजेत. नागपूरचे मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांनी परधानाकडून गोंडांच्या लिंगो या पूर्वपुरुषाचं गीत उतरवून घेतलं. १८६३ मध्ये त्यांचा मृत्यू झाल्यावर रिचर्ड टेंपल यांनी १८६६ मध्ये त्यांचे कागद छापले. रसेल आणि हिरालाल यांचे चार खंड १९१६ चे. त्यांत माहिती भरपूर, पण धर्माकडे पाहण्याची नजर टायलरचीच. खरा बदल १९४० नंतर आला. त्या वर्षी जोडेघाटला कुमराम भीम मारला गेला आणि निझाम सरकारला आदिलाबादच्या गोंडांकडे लक्ष देणं भाग पडलं. तिथं गेलेले क्रिस्टोफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ मारलवाई गावात राहिले. १९४८ चं त्यांचं राजगोंडांवरचं पुस्तक सगे, पर्सा पेन आणि परधान यांची रचना पहिल्यांदा नीट उलगडतं. त्यांच्या पत्नी एलिझाबेथ यांना १९८७ मध्ये मारलवाईतच पुरलं. त्याच काळात हैदराबाद संस्थानच्या सेवेत असलेले सेतुमाधवराव पगडी यांनी आदिलाबादच्या गोंडांवर पुस्तक लिहिलं, गोंडी आणि कोलामी भाषांच्या व्याकरणाचं काम केलं. शिवकालाचे अभ्यासक म्हणून पगडी घरोघरी माहीत आहेत. त्यांचं हे काम मराठीत जवळजवळ विस्मरणात गेलं, याचं मला मनापासून वाईट वाटतं. मानवशास्त्रज्ञ व्हेरियर एल्विन यांचे सहकारी शामराव हिवाळे यांचं नर्मदाखोऱ्यातल्या परधानांवरचं १९४६ चं पुस्तकही असंच मागे पडलं.

आफ्रिकेत हा बदल काहीसा वेगळ्या वाटेनं आला. जोमो केन्याटांनी १९३८ मध्ये ‘फेसिंग माउंट केनिया’ लिहून आपल्याच किकुयू समाजाचा धर्म आतून मांडला. पुढे स्वातंत्र्याच्या काळात नायजेरियाचे बोलाजी इडोवू यांनी १९६२ मध्ये योरुबांच्या ओलोदुमारे या परमेश्वरावर ग्रंथ लिहिला, आणि केनियाचे जॉन म्बिती यांचं ‘आफ्रिकन रिलिजन्स अँड फिलॉसफी’ १९६९ मध्ये आलं. दोघांचा आग्रह होता की आफ्रिकी धर्मांत एक सर्वोच्च ईश्वर आहे आणि बाकीचे देव त्याचे सेवक. ॲनिमिझमचा शिक्का पुसायला हे उत्तर जोरकस होतं. पण अचोली समाजातले कवी आणि अभ्यासक ओकोत प’बितेक यांनी १९७० च्या सुमाराला त्यावर कडाडून हल्ला केला. ख्रिस्ती शाळांत शिकलेले आपले विद्वान आफ्रिकेच्या देवांना ग्रीक आणि ख्रिस्ती वेष चढवत आहेत, आपल्या लोकांनी कधी न विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं त्यांच्या तोंडी घालत आहेत, असा त्यांचा आरोप होता. मला प’बितेक यांची बाजू जास्त पटते. देव एक की अनेक, हा सगळ्याच समाजांचा प्रश्न नसतो. पाऊस का थांबला, पोर का आजारी पडलं, मेलेल्या भावाचं काय देणं राहिलं, हे त्यांचे प्रश्न.

हाच पेच आपल्याकडे आला तो १९८० च्या दशकानंतर. रिझर्व्ह बँकेत नोकरी करणारे नागपूरचे मोतीरावण कंगाली यांनी पारी कुपार लिंगोला गोंडी पुनेमचा संस्थापक मानून त्या धर्माचं तत्त्वज्ञान पुस्तकरूपानं मांडलं. गोंदिया जिल्ह्यातल्या सालेकसा तालुक्यातलं कचारगड हे त्याचं तीर्थ झालं. तिथल्या गुहेत कोंडलेल्या मुलांना लिंगो आणि जंगो रायताड यांनी सोडवलं, हिरासुका पाटालीरच्या वाद्यानं ती तगली, अशी कथा आहे. माघ पौर्णिमेला मध्य भारतातल्या अनेक राज्यांतून गोंड तिथं येतात. व्यंकटेश आत्राम यांनी ‘गोंडी संस्कृतीचे संदर्भ’ मराठीत मांडले, विनायक तुमराम यांनी ‘गोंडवन पेटले आहे’ या कवितासंग्रहातून तीच अस्मिता बोलती केली. या चळवळीनं दिलेलं बळ मोठं आहे. आपल्या देवाचं नाव सांगताना खाली मान घालणारी पिढी आणि ताठ मानेनं ‘जय सेवा’ म्हणणारी पिढी यांत फरक आहे, तो कोणीही पाहू शकतो.

तरीही एक काळजी बोलून दाखवली पाहिजे. हिस्लॉपच्या गीतात गोंडांना कोंडणारा महादेव आहे. कंगालींच्या मांडणीत तोच शंभू शेक होऊन मूळ पुरुषाच्या जागी येतो. आदिलाबादच्या परधानाची कथा आणखी निराळी असते, आणि कोणत्या कुळाच्या देवळापुढे गायचं आहे त्यावर तिचा भर बदलतो. मौखिक धर्माचा हा दोष नाही. तो त्याचा प्राण आहे. एक अधिकृत ग्रंथ झाला की बाकीचे पाठ चुकीचे ठरू लागतात, आणि ते गाणारा परधान अडाणी ठरतो. सरकारनं ओळखावं म्हणून धर्मानं सरकारला ओळखीचं रूप घ्यायचं, ही किंमत फार आहे. प’बितेक यांनी इडोवू-म्बितींना दिलेला इशारा आपल्या अभ्यासकांनीही वाचावा.

म्बितींचा एक विचार मात्र इथं तंतोतंत लागू पडतो. मेलेला माणूस लगेच परलोकात जात नाही, त्याला नावानं ओळखणारा कोणी जिवंत आहे तोवर तो घरातच असतो, असं त्यांनी आफ्रिकेतल्या अनेक समाजांबद्दल लिहिलं. शेवटचा ओळखणारा गेला की तो निनावी पूर्वजांत मिसळतो. गोंडांत मृताचा जीव विधीपूर्वक पर्सा पेनमध्ये सामील केला जातो. तो विधी होईपर्यंत मयत पुरी झाली असं धरत नाहीत. मेळघाटातले कोरकू मृतांसाठी ‘मुंडा’ नावाचे कोरीव लाकडी खांब उभे करतात, माडिया दगड रोवतात. केनियाच्या किनाऱ्यावरचे गिरियामा लोकही असेच कोरलेले खांब, ‘विगांगो’, रोवतात. युरोप-अमेरिकेतल्या वस्तुसंग्रहालयांत ते शोभेच्या वस्तू म्हणून पोचले आणि आता त्यांतले काही परत जाऊ लागले आहेत. बंजाऱ्यांच्या तांड्यात दिवाळीला पूर्वजांच्या नावानं गोडाचा घास निखाऱ्यावर सोडतात. या साऱ्यांत भीती आहे, पण त्याहून जास्त हिशेब आहे: गेलेल्याचं देणं फेडायचं.

भविष्य पाहणं हाही या धर्मांचा मोठा भाग. योरुबांची इफा ही पद्धत सर्वांत प्रसिद्ध. सोळा ताडबियांच्या मांडणीतून २५६ ओदू निघतात. प्रत्येक ओदूला जोडलेली पदं पाठ करायला बाबालावोला, म्हणजे इफाच्या पुजाऱ्याला, वर्षानुवर्षं शिकावं लागतं. युनेस्कोनं २००५ मध्ये इफाला मानवजातीच्या मौखिक वारशाचा मान दिला. कोलामांची भविष्य सांगण्याची ख्याती गोंडांतही आहे. आजार, पीक, जनावर यांबद्दल विचारायला लोक पोडावर जातात. त्या विद्येची इफासारखी नोंद आजवर झाली नाही. भाषाशास्त्रज्ञ एमेनो यांनी १९५५ मध्ये कोलामी भाषेवर ग्रंथ लिहिला. कोलामांच्या धर्मावर त्या तोडीचं काम अजून मराठीत व्हायचं आहे. भीमायक हा देव, पोडाची चावडी, तिथले नाईक-महाजन, दंडार हा नाच हे सारं आज एखाद्या शाळामास्तराच्या वहीत किंवा सामाजिक कार्यकर्त्याच्या अहवालात तुकड्या-तुकड्यांनी सापडतं.

दारव्हा-दिग्रस-पुसद या पट्ट्यात सर्वांत ठळक बंजारा समाज आहे, आणि या आढाव्यात तोच सर्वांत अवघड. महाराष्ट्रात तो आदिवासी म्हणून नव्हे तर विमुक्त-भटक्यांत गणला जातो. जगदंबा, संत सेवालाल, सामकी माता ही त्याची दैवतं. धगधगत्या निखाऱ्यावर भोग, उभ्यानं म्हटलेली अरदास, तीजेला कुमारिकांनी टोपल्यांत वाढवलेले गव्हाचे अंकुर ही त्याची उपासना. तांड्याचा नायक आणि कारभारी हे न्यायही करतात, धर्मकार्यही चालवतात. पोहरादेवी आता राष्ट्रीय तीर्थ झालं आहे. ५ ऑक्टोबर २०२४ ला तिथं बंजारा विरासत संग्रहालयाचं पंतप्रधानांच्या हस्ते उद्घाटन झालं. फिरत्या समाजाचा धर्म स्थिरावला की त्याला देऊळ, महंत, संग्रहालय लागतं. हे सगळं डोळ्यांदेखत घडतं आहे, आणि तांड्यातल्या नायकाची जागा हळूहळू तीर्थातल्या महंताकडे सरकते आहे. अभ्यासकांनी यावर आजच लिहायला हवं.

बळीचा प्रश्न टाळून पुढे जाता येत नाही. वऱ्हाडात गाडगेबाबांनी (१८७६–१९५६) जत्राजत्रांतून बोकड-कोंबडं कापण्याविरुद्ध जन्मभर कीर्तनं केली. तुकडोजी महाराजांनीही तोच धागा धरला. पोहरादेवीच्या रामनवमीच्या यात्रेतला बोकडबळी हा अनेक वर्षं वादाचा विषय आहे. दुसऱ्या बाजूला अनेक गोंड-कोलाम घरांत देवाला दाखवल्याखेरीज मांस खात नाहीत. तिथं बळी म्हणजे कुळाच्या जेवणाचा धार्मिक भाग. शहरातल्या दुकानातून मटण घेणाऱ्यानं त्याला रानटी म्हणावं, हे न्यायाचं नाही. कर्जबाजारी होऊन बोकड घेणाऱ्या गरिबाला वाचवणं हा गाडगेबाबांचा हेतू होता. त्याची आजही गरज आहे. चेटकिणीचा आरोप मात्र वेगळा विषय, आणि त्यात मी कसलीही सवलत द्यायला तयार नाही. एकट्या बाईला चेटकीण ठरवून मारणं हा धर्म नव्हे, खून आहे. आफ्रिकेतही हे घडतं. दक्षिण आफ्रिकेच्या १९५७ च्या कायद्यानं आरोप करणाऱ्याबरोबर भविष्य सांगणाऱ्यालाही गुन्हेगार ठरवलं, आणि त्यामुळे वैदू-सांगोमांची सगळी परंपराच संशयित झाली. महाराष्ट्राचा २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदा अंधश्रद्धा निर्मूलनाचे कार्यकर्ते नरेंद्र दाभोलकर यांच्या हत्येनंतर झाला. तो विशिष्ट अघोरी कृत्यांना शिक्षा देतो, उपासनेला नाही. ही रेघ बरोबर ओढलेली आहे.

आफ्रिकेतून थेट महाराष्ट्रात आलेली माणसंही आहेत. जंजिऱ्याचे सिद्दी, अहमदनगरच्या निजामशाहीचा मलिक अंबर (मृत्यू १६२६) ही राजकीय नावं सर्वांना माहीत. त्यांचा धर्म पाहायला शेजारच्या गुजरातेत जावं लागतं. भरूच जिल्ह्यातल्या रतनपूरच्या बावा गोर दर्ग्यात सिद्दी मुगरमान ढोल आणि मलुंगा वाजवत धमाल करतात. माई मिश्रा ही तिथली स्त्रीदैवताच्या जागी असलेली संत. नाव इस्लामचं, अंगात येणं आणि ढोलाचा ताल आफ्रिकेचा. ब्राझीलमध्ये गुलाम म्हणून नेलेल्या योरुबांनी आपले ओरिशा, म्हणजे देव, कॅथलिक संतांच्या नावाखाली जपले, त्याचंच हे आपल्या किनाऱ्यावरचं रूप.

शेवटी जमीन. या धर्मांचा देव उचलून दुसरीकडे नेता येत नाही. नायजेरियातल्या ओशोग्बोचं ओशुन नदीकाठचं वन २००५ मध्ये आणि केनियातली मिजिकेंदांची काया वनं २००८ मध्ये जागतिक वारसा ठरली. आपल्याकडे १८ एप्रिल २०१३ ला सर्वोच्च न्यायालयानं ओडिशातल्या नियमगिरीच्या खाणीचा निर्णय ग्रामसभांकडे सोपवला. डोंगरिया कोंधांचा नियमराजा त्या डोंगरात राहतो, आणि त्यांचा धार्मिक हक्क त्यांनीच सांगायचा, असं मानलं. बाराही ग्रामसभांनी खाण नाकारली. गडचिरोलीत सुरजागडच्या डोंगरावर ठाकूरदेवाची यात्रा भरते आणि त्याच डोंगरातून लोहखनिज निघतं. नियमगिरीला जे विचारलं गेलं ते सुरजागडलाही त्याच गांभीर्यानं विचारलं जायला हवं होतं, असं माझं ठाम मत आहे.

जनगणनेचा संदर्भदिन १ मार्च २०२७ ठरला आहे. झारखंड विधानसभेनं ११ नोव्हेंबर २०२० ला सरना संहितेचा ठराव केला, तशी स्वतंत्र संहिता द्यावी ही मागणी योग्य आहे. पण सगळ्या आदिवासींना एका नावाखाली घालणारी संहिता आली तर १९०१ चीच चूक नव्या नावानं होईल. घानाच्या जनगणनेत पारंपरिक धर्म सांगणारे २०१० मध्ये ५.२ टक्के होते, २०२१ मध्ये ३.२ टक्के. बेनिनमध्ये २०१३ ला वोदून सांगणारे ११.६ टक्के. दोन्ही देशांत ख्रिस्ती किंवा मुसलमान म्हणून नोंद झालेले अनेकजण पूर्वजांचे विधी करतातच, म्हणून या आकड्यांनी त्या धर्मांचा जीव मोजता येत नाही. यवतमाळ जिल्ह्यातही तसंच होईल. निदान जो माणूस ‘गोंडी’, ‘कोया पुनेम’, ‘आदिवासी’ किंवा आपल्या कोलाम देवाचं नाव सांगेल, ते त्यानं सांगितलं तसं अक्षरशः लिहून घेणं हे गणकाचं काम आहे. ही सूचना पोडावर आणि तांड्यावर गणक येण्याआधी पोचवायला ग्रामसभा, शाळा आणि स्थानिक वर्तमानपत्रं यांच्याकडे वेळ आहे. परधानांची गाणी ध्वनिमुद्रित करायला तेवढा वेळ नाही, कारण किंगरीवर पूर्ण कथा गाणारे हात आता कमी उरले आहेत. ते काम नागपूर-अमरावतीच्या विद्यापीठांनी या हिवाळ्यातच, देवकार्यांचा हंगाम धरून, सुरू करावं.